‘स्मृतिचित्रें’ आणि संसारांतील हंसूं

आत्मचरित्र लिहावयास बसणाऱ्या प्रत्येकास आपल्या दुःखांचें काय करावें, हा प्रश्न सोडवावा लागतो. कोणी तीं झांकून ठेवितो, कोणी त्यांचें भांडवल करितो, तर कोणी त्यांतून घाईघाईनें एखादें तात्पर्य काढून मोकळा होतो. लक्ष्मीबाई टिळकांनीं यांपैकीं कोणतीच वाट धरिली नाहीं. त्यांचीं ‘स्मृतिचित्रें’ १९३४ ते १९३६ या वर्षांत चार भागांनीं प्रसिद्ध झालीं. त्यांचीं इंग्रजी भाषांतरें १९५० सालीं व पुनः २०१७ सालीं निघालीं. आणि आजही मराठी घरांत हें पुस्तक उघडलें कीं वाचणारा पहिल्या कांहीं पानांतच हंसूं लागतो. इतक्या हालअपेष्टांच्या हकीगतींत हें हंसूं आलें कोठून, आणि तें खऱ्या आनंदाचें आहे कीं केवळ सोसण्याची संवय आहे, याचा थोडा विचार करण्याचें आम्हीं येथें योजिलें आहे.

हालअपेष्टा कांहीं थोड्याथोडक्या नव्हत्या. लक्ष्मीबाईंचा जन्म १८६८ सालीं नाशिकजवळच्या जलालपुरास झाला. वडिलांना सोवळ्याचें वेड जडलेलें. त्याचा जाच साऱ्या घरास. अकराव्या वर्षाच्या सुमारास लग्न झालें, तें नारायण वामन टिळक या कवीशीं. टिळक बुद्धिमान, दयाळू, आणि तितकेच तापट व लहरी. ते केव्हां घर सोडून निघून जातील याचा नेम नसे, आणि हातीं आलेला पैसा घरच्या चुलीपर्यंत पोंचेल याचा भरंवसा नसे. पुढें पोटचीं मुलें गेलीं, प्लेगचे दिवस पाहावे लागले, आणि १९१९ सालीं वैधव्य आलें.

या कहाणींत आमच्या नागपुरास लहानसें परंतु निर्णायक स्थान आहे. १८९० नंतरच्या वर्षांत टिळक येथील श्रीमंत गृहस्थ अप्पासाहेब बुटी यांच्या आश्रयानें संस्कृत ग्रंथांच्या कामासाठीं राहिले. येथूनच राजनांदगांवास जातांना आगगाडीच्या डब्यांत त्यांची एका युरोपीय गृहस्थाशीं गांठ पडली. त्यानें त्यांना बायबल वाचावयास दिलें, आणि १० फेब्रुवारी १८९५ रोजीं मुंबईस टिळकांनीं ख्रिस्ती धर्माची दीक्षा घेतली. वाङ्मयाचा इतिहास लिहिणारे त्या डब्याची हकीगत आवडीनें सांगतात, आणि तें योग्यच आहे. परंतु लक्ष्मीबाई त्या डब्यांत नव्हत्या. आयुष्य उलथून टाकणारी गोष्ट त्यांच्यापर्यंत पोंचली ती बातमी म्हणून. त्यांच्या पुस्तकांतील बहुतेक मोठ्या घटना अशाच दाराबाहेर घडतात व मागाहून घरांत येतात. आणि मग त्या घटनेचें ओझें कोणत्या भांड्यांत, कोणत्या शेजघरांत, कोणाच्या पोटांत ठेवावयाचें, हें पाहण्याचें काम घरांतल्या बाईकडे येतें. ‘स्मृतिचित्रें’ हा त्या कामाचा जमाखर्च आहे.

त्या बातमीनंतर सुमारें पांच वर्षें पतिपत्नी वेगळीं राहिलीं. हा भाग वाचतांना एक गोष्ट ध्यानांत येते: येथें लक्ष्मीबाई हंसत नाहींत. मुलांच्या मृत्यूच्या प्रसंगींही हंसत नाहींत. जी लेखिका वाटेल त्या गोष्टीचा विनोद करूं शकते, तीच नेमक्या ठिकाणीं थांबते. यावरून तिचें इतर ठिकाणचें हंसूं हा केवळ स्वभावाचा चाळा नव्हता असें म्हणावयास हरकत नाहीं. हंसण्याजोगें काय व रडण्याजोगें काय, याचा निवाडा त्यांनीं प्रत्येक वेळीं स्वतः केला आहे. पुढें त्या टिळकांकडे परत आल्या, तरी सोवळेंओवळें लगेच सुटलें नाहीं. तें हळूहळू, एकेक घांस विचार करीत सुटलें, आणि १९०० सालीं त्यांनीं स्वतः दीक्षा घेतली. आपल्या त्या ओढाताणीकडेही त्यांनीं मागाहून खेळकरपणें पाहिलें आहे. दुसऱ्यास हंसणाऱ्या लेखकाचा आनंद पुस्तक मिटेपर्यंत टिकतो. स्वतःस हंसणाऱ्याचा अधिक टिकतो.

त्यांच्या भाषेचें रहस्यही यांतच आहे. लक्ष्मीबाई कोणत्याही शाळेंत गेल्या नव्हत्या. त्या लिहावाचावयास शिकल्या त्या टिळकांच्या प्रोत्साहनानें. त्यामुळें त्यांचें वाक्य पुस्तकांतून आलेलें नाहीं, तें माजघरांतून आलेलें आहे. प्रथम वस्तु येते, मग माणूस, मग घडलेली गोष्ट. ‘अरेरे’ म्हणण्याचें काम त्या वाचकावर सोंपवितात. १९१० सालीं प्रसिद्ध झालेल्या रमाबाई रानडे यांच्या आठवणींशीं ताडून पाहिल्यास हें चटकन् कळतें. रमाबाई पतीकडे मान वर करून पाहतात, आणि त्या भक्तीचें सौंदर्य कोणी नाकारणार नाहीं. लक्ष्मीबाई मात्र पतीकडे समोरासमोर पाहतात. त्यामुळें टिळकांचा मोठेपणा व त्यांचा वेडेपणा हीं दोन्हीं त्यांच्या दृष्टीस एकाच वेळीं पडतात.

येथें एक आक्षेप येतो, आणि तो हलका नाहीं. या हंसण्यानें अन्यायावर पांघरूण पडत नाहीं काय? पतीच्या लहरीपायीं ज्या बाईची अर्धी हयात धांवपळींत गेली, तिच्या विनोदाचें कौतुक करणें म्हणजे सोसण्याचेंच कौतुक करणें नव्हे काय? आजच्या वाचकानें, विशेषतः आजच्या वाचक भगिनींनीं, हा प्रश्न विचारावाच. आमचें उत्तर असें कीं, पांघरूण घालावयाचें असतें तर लक्ष्मीबाईंनीं टिळकांचा राग, त्यांचें नाहींसें होणें, घरांतली उपासमार हीं लिहिलींच नसतीं. त्यांनीं सर्व लिहिलें आहे, आणि लिहून झाल्यावर हंसल्या आहेत. हिशेब पुरा मांडून मग हंसणें आणि हिशेब टाळण्यासाठीं हंसणें, यांत मोठें अंतर आहे. मात्र त्यांच्या वांट्यास आलेलें जिणें इतरांनींही निमूटपणें पत्करावें, असा उपदेश जो कोणी या पुस्तकांतून काढील, तो तें नीट वाचीत नाहीं.

याच घरांत कांहीं काळ बालकवि ठोंबरे राहिले होते. १९०७ सालीं जळगांवच्या कविसंमेलनांत टिळकांच्या नजरेस पडलेला हा मुलगा पुढें अहमदनगरास त्यांच्याकडे आला, आणि लक्ष्मीबाईंनीं त्यास पोटच्या मुलाप्रमाणें वागविलें. मराठींत आनंदाचें गाणें म्हटलें कीं आजही बालकवींचेंच नांव ओठीं येतें. तो आनंद निर्झरांत, पहांटेंत, गवतांत भरलेला आहे. परंतु कवीच्या मनावर सांवट आलें कीं सृष्टीवरही येई, आणि त्यांच्या पुढच्या कवितांत उदासी दाटत गेली. १९१८ सालीं रेल्वेच्या अपघातांत ते गेले. बालकवींची थोरवी यानें यत्किंचितही कमी होत नाहीं. पण ज्या घरांत हा कवि जेवला, त्या घरचा आनंद वेगळ्या जातीचा होता. तो मनाच्या प्रसन्नतेची वाट पाहत बसत नसे. पाहुणा आला कीं ताट मांडावें, आजारी माणसाच्या उशाशीं बसावें, अशा कामांतून तो रोज नव्यानें उभा राहत असे. टिळकांच्या मागें अपुरें राहिलेलें ‘ख्रिस्तायन’ लक्ष्मीबाईंनीं पुरें केलें, तेंही याच वृत्तीनें.

शेवटचा भाग त्यांचे चिरंजीव देवदत्त टिळक यांनीं पुरा केला आहे. त्यांत माहिती आहे, प्रेम आहे, पण तो आवाज नाहीं. २४ फेब्रुवारी १९३६ रोजीं लक्ष्मीबाई वारल्या.

नागपूरच्याच घुलेशास्त्री घराण्यांत वाढलेल्या साधनाताई आमटे यांनीं बाबा आमटे यांच्याबरोबर वरोड्याजवळच्या आनंदवनांत कुष्ठरोग्यांच्या सोबतीनें संसार केला, आणि उतारवयांत ‘समिधा’ लिहिली. हीं दोन पुस्तकें शेजारीशेजारीं ठेवून वाचावींत अशी आमची वाचकांस विनंती आहे. वेगळा काळ, वेगळा धर्म, वेगळें काम; परंतु ध्येयवेड्या पुरुषाच्या घरचा ताळमेळ कोणी सांभाळला, हा प्रश्न दोन्हींकडे एकच आहे. ‘स्मृतिचित्रें’ तर घरांत सर्वांनीं मिळून, मोठ्यानें वाचावींत. कोणत्या ओळीस घरांतले पुरुष हंसतात व कोणत्या ओळीस बायका, इकडे लक्ष द्यावें. त्या दोन ओळी बहुधा एक असणार नाहींत.