क्रीडापटांचा सांस्कृतिक ठसा : कबड्डीच्या संदर्भात

क्रीडापटाचे यश तिकीटखिडकीवर मोजले जाते. त्याचा सांस्कृतिक ठसा मात्र प्रेक्षकाच्या क्रीडास्मृतीत शोधावा लागतो. ‘लगान’ (२००१) आणि ‘चक दे! इंडिया’ (२००७) यांनी ही स्मृती घडविली, हे निर्विवाद आहे. तथापि, ‘चक दे’ या हॉकीपटाचे शीर्षकगीत पुढे क्रिकेटच्या मैदानांवरही घुमू लागले. चित्रपटाने एखाद्या खेळाला मिळवून दिलेली प्रतिष्ठा त्याच खेळापाशी टिकेल याची शाश्वती नसते, हे यावरून स्पष्ट होते.

रायगडच्या किनारपट्टीवर, विशेषतः अलिबाग-मुरूड परिसरातील आगरी-कोळी वस्त्यांत, कबड्डीची स्मृती चित्रपटाने घडविलेली नाही. गावोगावची क्रीडामंडळे, रात्रीचे सामने आणि मातीचे मैदान यांनी ती जोपासली. येथे खेळाडूची ओळख आधी मंडळाची, नंतर जिल्ह्याची आणि क्वचितच देशाची असते. क्रीडापटाचे रूढ सूत्र नेमके याच्या उलट आहे. राष्ट्रीय गणवेश लाभणे हेच त्यात खेळाचे सार्थक ठरते.

या दृष्टीने अश्विनी अय्यर तिवारी यांचा ‘पंगा’ (२०२०) तपासण्याजोगा आहे. रेल्वेत नोकरी करणारी, आई झालेली माजी कबड्डीपटू जया निगम पुन्हा मैदानात उतरते. नोकरी, संसार आणि सराव यांची ओढाताण हा चित्रपटाचा सर्वांत सच्चा भाग होय. कारण कबड्डीने अनेक खेळाडूंना रेल्वे, पोलीस, बँक येथील नोकरीचा आधार दिला आहे. शेवट मात्र विजयाच्या साच्यात बसतो. वास्तवात, २०१० आणि २०१४ च्या आशियाई क्रीडा स्पर्धांत सुवर्णपदक मिळविणारा भारतीय महिला संघ २०१८ मध्ये जाकार्ता येथे अंतिम सामन्यात इराणकडून २४-२७ असा पराभूत झाला होता. अशा पराभवाचा अर्थ लावण्यास हा साचा असमर्थ ठरतो.

नागराज मंजुळे यांच्या ‘झुंड’ने (२०२२) तो साचा मोडला. नागपूरच्या झोपडपट्टीतील मुलांची कसोटी तेथे चषकापाशी नव्हे, तर ओळखीची कागदपत्रे, पोलीस चौकशी आणि विमानतळाचे दार यांपाशी लागते. खेळाडू होण्याआधी नागरिक म्हणून स्वीकारले जाणे हाच त्यातील सामना आहे.

सारांश, क्रीडापटाचा टिकाऊ प्रभाव अंतिम सामन्यातील जल्लोषावर अवलंबून नसतो. खेळाभोवतीचे जगणे तो किती प्रामाणिकपणे नोंदवितो, यावर तो ठरतो. मंडळासाठी उमेदीची वर्षे खर्चून देशाच्या संघापर्यंत न पोहोचलेला किनाऱ्यावरील खेळाडू अयशस्वी नव्हे. त्याचे यश ओळखणारी कथनरीती मराठी क्रीडापटाने घडविणे अगत्याचे आहे.