मेंढ्याची गोष्ट आणि सरकारची

मिलिंद बोकील यांचं ‘गोष्ट मेंढा गावाची’ हे पुस्तक आदर्श गावाची आरती म्हणून वाचलं, तर त्यातला प्रश्न निसटतो. गडचिरोलीतल्या धानोरा तालुक्यातलं हे गोंड गाव बहुमताने नव्हे, सर्वसहमतीने निर्णय घेतं. एकाचा विरोध असला तरी ग्रामसभा पुन्हा बसते. सरकारने मात्र स्वतःचाच कायदा रखडवला. वनहक्क कायदा २००६ चा, गावाला सामूहिक हक्क मिळाला २००९ मध्ये, आणि बांबू वाहतुकीचा परवाना ग्रामसभेच्या हाती पडायला एप्रिल २०११ उजाडला. लहान गावात जमतं ते राज्यात कसं जमेल, ही शंका रास्तच आहे. पण दिलेला शब्द पाळायला सर्वसहमती कशाला लागते?