रदरफर्ड, डेम मार्गारेट

(११ मे १८९२ – २२ मे १९७२). ब्रिटिश रंगभूमी व चित्रपट यांवरील विख्यात चरित्र-अभिनेत्री. जन्म लंडनच्या बॅलम भागात. तिच्या वडिलांनी १८८३ मध्ये मनोविकाराच्या भरात स्वतःच्या वडिलांची, म्हणजे रेव्हरंड ज्यूलियस बेन यांची, हत्या केली होती. ब्रॉडमूर येथील मनोरुग्णालयातून सुटका झाल्यावर त्यांनी बेन हे आडनाव टाकून रदरफर्ड हे नाव धारण केले. मार्गारेट तान्ही असतानाच हे कुटुंब मद्रासला गेले. ती तीन वर्षांची असताना भारतातच तिच्या आईने आत्महत्या केली. त्यानंतर विंबल्डन येथे मावशीने तिचा सांभाळ केला. पियानो व वक्तृत्व यांच्या शिकवण्यांत तिची उमेदीची वर्षे गेली. मावशीच्या मृत्यूनंतर मिळालेल्या अल्प वारशाच्या बळावर १९२५ मध्ये, वयाच्या तेहतिसाव्या वर्षी, तिने ‘ओल्ड व्हिक’ या नाट्यसंस्थेत प्रवेश केला. या वयात नायिकेच्या भूमिका मिळणे अशक्यच होते. तिची रुंद हनुवटी, स्थूल देह आणि फुगीर डोळे यांमुळे ती शक्यता आधीही फारशी नव्हती.

‘स्प्रिंग मीटिंग’ (१९३८) या नाटकाने तिला खरे यश मिळवून दिले. १९३९ मध्ये जॉन गीलगुडच्या निर्मितीत तिने ऑस्कर वाइल्डच्या ‘द इंपॉर्टन्स ऑफ बीइंग अर्नेस्ट’मधील मिस प्रिझम साकारली, पुढे अँथनी अ‍ॅस्क्विथच्या चित्रपटातही (१९५२) ती याच भूमिकेत दिसली. नोएल कॉवर्डच्या ‘ब्लाइद स्पिरिट’ (१९४१) या नाटकातील मृतात्म्यांना आवाहन करणारी मादाम आर्काती ही तिची सर्वाधिक गाजलेली भूमिका होय. डेव्हिड लीनच्या चित्रपटरूपामुळे (१९४५) ती आजही पाहता येते. सायकल दामटीत येणारी, उत्साहाने मुसमुसलेली ही बाई हास्यास्पद खरी. परंतु मार्गारेट तिची टिंगल करीत नाही. आर्कातीचा स्वतःच्या विद्येवर जेवढा विश्वास, तेवढाच नटीचाही आर्कातीवर. हसू येते ते या अढळ गांभीर्यामुळे. ‘विक्षिप्त वृद्धा रंगविणारी विनोदी नटी’ एवढीच तिची ओळख सांगितली जाते, ती या कारणाने अपुरी वाटते. डॅफ्ने द्यू मॉरिएच्या ‘रिबेका’ या नाटकात (१९४०) तिने मिसेस डॅन्व्हर्सची भयप्रद भूमिका केली होती, याची फारशी आठवणही ठेवली जात नाही. काँग्रीव्हच्या ‘द वे ऑफ द वर्ल्ड’मधील लेडी विशफोर्टही (१९५३) याच संदर्भात महत्त्वाची ठरते, ओसरलेल्या तारुण्याला कवटाळणाऱ्या त्या स्त्रीचे हसे होते, पण तिची कीवही येते.

‘पासपोर्ट टू पिम्लिको’ (१९४९) व अ‍ॅलास्टर सिमबरोबरचा ‘द हॅपिएस्ट डेज ऑफ युअर लाइफ’ (१९५०) हे तिचे उल्लेखनीय विनोदी चित्रपट. तथापि जगभर ती ओळखली जाते ती जॉर्ज पोलॉकदिग्दर्शित चार चित्रपटांतील (१९६१–६४) मिस मार्पलमुळे. अ‍ॅगाथा ख्रिस्तीची मार्पल कृश, शांत, विणकाम करता करता माणसे न्याहाळणारी. पडद्यावरील मार्पल तलवारबाजीही करते. शिवाय चारांपैकी पहिलाच चित्रपट मार्पलच्या कादंबरीवर आधारलेला होता. नंतरचे दोन प्वारोच्या कथांवरून बेतले होते व चौथ्याला ख्रिस्तीच्या कोणत्याही कथेचा आधार नव्हता. लेखिकेला हे चित्रपट रुचले नाहीत. तरीही १९६२ मधील आपली एक मार्पल-कादंबरी तिने मार्गारेटलाच अर्पण केली. दोष पटकथांचा होता, नटीचा नव्हे, असाच याचा अर्थ घ्यावा लागतो. मात्र या लोकप्रियतेने तिच्या अभिनयाचा एकच पैलू रूढ केला, हेही खरे. या चित्रपटांत तिचा सहायक झालेला स्ट्रिंजर डेव्हिस हा तिचा पती होता (विवाह १९४५).

‘द व्ही.आय.पीज’ (१९६३) या चित्रपटातील, घर वाचविण्यासाठी धडपडणाऱ्या निर्धन डचेसच्या भूमिकेबद्दल तिला सर्वोत्कृष्ट साहाय्यक अभिनेत्रीचे ऑस्कर पारितोषिक लाभले. १९६७ मध्ये तिला ‘डेम’ हा किताब मिळाला. ऑर्सन वेल्सच्या ‘चाइम्स ॲट मिडनाइट’मध्ये (१९६५) तिने शेक्सपिअरची मिस्ट्रेस क्विकली केली. फॉलस्टाफच्या मृत्यूची वार्ता ती सांगते, तेव्हा एरवी हशा पिकविणारा तोच चेहरा आणि तोच घोगरा आवाज असतो. हातवारे नाहीत की अश्रूंचे प्रदर्शन नाही. तिच्यातील शोकात्म सामर्थ्याचा हा सर्वांत स्पष्ट पुरावा उतारवयात, आणि तोही एका छोट्या भूमिकेत मिळावा, ही तत्कालीन निर्मात्यांच्या दृष्टीची मर्यादा म्हणावी लागेल. बकिंगहॅमशर परगण्यातील चॅल्फाँट सेंट पीटर येथे ती निधन पावली.