सिल्मरिल

सिल्मरिल : इंग्रज लेखक व भाषाशास्त्रज्ञ जॉन रॉनल्ड रूएल टॉल्कीन (१८९२–१९७३) याच्या कल्पित पुराणकथांतील तीन तेजोमय रत्ने. द सिल्मरिलियन (१९७७) हा ग्रंथ त्यांच्याच नावाने ओळखला जातो. टॉल्कीनच्या मृत्यूनंतर त्याचा पुत्र ख्रिस्तोफर याने उपलब्ध हस्तलिखितांवरून तो संपादित केला. या कथांची जुळवाजुळव टॉल्कीनने पहिल्या महायुद्धाच्या काळापासूनच आरंभिली होती. द हॉबिट (१९३७) या कादंबरीस यश लाभल्यावर त्याने त्यांतील काही लेखन प्रकाशकाकडे पाठविले. परंतु ते स्वीकारले गेले नाही.

एल्फ या अमर वंशातील फेआनोर हा अद्वितीय कारागीर. वालिनोर या देवभूमीत सुवर्ण व रजत प्रकाश देणारे दोन वृक्ष होते. त्यांचे संमिश्र तेज त्याने हिऱ्याहूनही कठीण अशा एका पदार्थात कोंडले आणि ही रत्ने सिद्ध झाली. वार्दा या देवतेने ती अभिमंत्रित केल्यामुळे अपवित्र वा दुष्ट हातांना, तसेच मर्त्य देहाला, त्यांचा स्पर्श दाहक ठरू लागला. पुढे मॉर्गोथ या दुष्ट शक्तीने कोळिणीचे रूप धारण करणाऱ्या उंगोलिअंटच्या साहाय्याने वृक्षांचा नाश केला, फेआनोरच्या पित्याचा वध करून रत्ने पळविली व आपल्या लोखंडी मुकुटात जडविली. ती परत मिळविण्याची घोर शपथ फेआनोर व त्याचे सात पुत्र यांनी घेतली. स्वजनहत्या, राज्यांचा विध्वंस व अखेर त्या कुळाचाच अंत, ही त्या शपथेची फळे होत.

सिल्मरिलांची जादू मुळात निष्क्रिय आहे, ही गोष्ट प्रथम ध्यानात घ्यावयास हवी. द लॉर्ड ऑफ द रिंग्ज (१९५४-५५) मधील मुद्रिका धारकाला अदृश्य करते, त्याचे आयुष्य लांबविते, इतरांवर सत्ता गाजविण्याचा मोह घालते. तिला जणू स्वतःची इच्छा आहे. सिल्मरिल यांपैकी काहीच करीत नाहीत. ते प्रकाशतात आणि अनधिकारी हाताला पोळतात, इतकेच. त्यांच्यापायी घडणाऱ्या अनर्थाचा सारा दोष म्हणूनच त्यांची अभिलाषा धरणाऱ्यांकडे जातो. सौंदर्य स्वतः निष्पाप असूनही विनाशाला कारण कसे होते, हा प्रश्न टॉल्कीनने येथे एखाद्या मोहिनीमंत्राचा आडपडदा न ठेवता मांडला आहे.

या दृष्टीने सर्वांत समर्थ प्रसंग वृक्षनाशानंतरचा होय. रत्नांतील थोडे तेज मिळाल्यास वृक्ष पुन्हा जिवंत करता येतील, असे याव्हाना ही देवता सांगते. रत्ने फोडणे म्हणजे स्वतःचे काळीज फोडणे होय, असे मानून फेआनोर नकार देतो. त्यानंतर रत्ने आधीच चोरीस गेल्याची वार्ता येते. म्हणजे त्याने होकार दिला असता, तरी वृक्ष वाचले नसतेच. नकाराचा व्यावहारिक परिणाम शून्य. तथापि तो आधी दिला असल्याने त्याच्या पुढील सर्व कृत्यांना वळण देतो, असे निवेदक सुचवितो. घडवणारा फेआनोर खरा, पण आत कोंडलेला प्रकाश त्याचा नव्हता. मग रत्नांवर हक्क कोणाचा? कथेत याचे उत्तर वादविवादाने मिळत नाही. अखेरच्या युद्धानंतर उरलेली दोन रत्ने मैध्रोस व माग्लोर हे बंधू हस्तगत करतात आणि त्यांचे हात पोळतात. मैध्रोसला आपला हक्क संपल्याचे तेव्हा कळते. एक रत्न त्याच्यासह धगधगत्या विवरात, दुसरे समुद्रात आणि तिसरे एआरेंदिल या नाविकाच्या भाळी तारा बनून आकाशात राहते.

हा स्पर्शाचा नियम मात्र सर्वत्र सारखा पाळलेला नाही. थिंगोल राजाने कन्येच्या विवाहासाठी मागितलेले रत्न मॉर्गोथच्या मुकुटातून काढणारा बेरेन मर्त्य मानव असूनही त्याला इजा होत नाही. येथे रत्न अंतःकरणाची पारख करते, असे समर्थन करता येईल. परंतु पुढे ते रत्न कंठहारात जडविणारे व लोभाने थिंगोलचाच वध करणारे ड्वार्फ कारागीर यांचे हात पोळल्याचे कोठेच सांगितलेले नाही. या भागात रत्न केवळ कथानक पुढे ढकलण्याचे निमित्त बनते. त्याचे तेज वाचकाला जाणवेनासे होते. दोष सर्वस्वी टॉल्कीनच्या पदरी घालणे मात्र योग्य नव्हे. या प्रकरणाची त्याने लिहिलेली पूर्ण आवृत्ती फार जुनी होती, त्यामुळे मुद्रित संहितेचा बराच भाग संपादकाला रचावा लागला. ख्रिस्तोफरने द वॉर ऑफ द ज्यूएल्स (१९९४) या ग्रंथात हे स्पष्ट करून त्याविषयी असमाधानही नोंदविले आहे.

चोरीस जाणाऱ्या व समुद्रात हरपणाऱ्या अद्भुत वस्तूचे पूर्वरूप म्हणून कालेवाला या फिनिश महाकाव्यातील साम्पोकडे बोट दाखविले जाते. टॉल्कीनला त्या काव्याचे विशेष आकर्षण होते. तथापि साम्पो धान्य, मीठ व धन दळून देतो, सिल्मरिल मात्र काहीच देत नाही. विष्णुपुराणातील स्यमंतक मणीही शुद्ध धारकाला हितकर व अशुद्धाला घातक ठरतो. हे साम्य लक्षणीय असले, तरी तेथे प्रभाव शोधण्याचे कारण नाही. द हॉबिटमधील आर्कनस्टोन हे टॉल्कीननिर्मित दुसरे रत्न. त्याचे नाव ‘मौल्यवान खडा’ या अर्थाच्या प्राचीन इंग्रजी शब्दावरून आले असून त्याच शब्दाचे एक रूप टॉल्कीनने सिल्मरिलांसाठीही योजले होते. मात्र आर्कनस्टोनभोवतीचा संघर्ष वारसाहक्क व हाव यांपुरताच राहतो.

टॉम शिपी याने द रोड टू मिड्ल-अर्थ (१९८२) मध्ये निर्मात्याच्या स्वनिर्मितीवरील आसक्तीवर भर दिला, तर व्हर्लिन फ्लीगर हिने स्प्लिंटर्ड लाइट (१९८३) मध्ये क्रमशः विखुरत व मंदावत जाणारा प्रकाश हे या पुराणकथांचे सूत्र मानले. दुसरे विवेचन अधिक फलदायी वाटते. कारण द लॉर्ड ऑफ द रिंग्जमधील एक तपशील त्यानेच उजळतो. गालाड्रिएलने दिलेल्या कुपीत एआरेंदिलच्या ताऱ्याचे, म्हणजे सिल्मरिलचेच, तेज साठविलेले असते. ती कुपी हाती घेऊन सॅम हा साधा माळी ज्या शेलोब कोळिणीला मागे हटवितो, ती वृक्षांचा रस शोषणाऱ्या उंगोलिअंटचीच संतती होय. १९५४-५५ मध्ये हा प्रसंग वाचणाऱ्यांना त्यामागील वृक्षनाशाची कथा संपूर्ण रूपात वाचण्यासाठी १९७७ पर्यंत थांबावे लागले.