उत्तरा बावकर : सोशिक नव्हे, सत्ताधारी आई

उत्तरा बावकरांचं नाव निघालं की ‘सोशिक आईच्या भूमिका करणाऱ्या’ असं म्हणून लोक मोकळे होतात. मला हे विशेषण अपुरं वाटतं. त्यांच्या आया सोसतात खऱ्या. पण त्या घर चालवतात, निर्णय घेतात, आणि त्या निर्णयांची किंमत पुष्कळदा मुलींना मोजावी लागते.

१९४४ साली सांगलीत जन्मलेल्या बावकर राष्ट्रीय नाट्य विद्यालयात अल्काझींच्या हाताखाली शिकल्या आणि तिथल्या रंगमंडळातच घडल्या. ‘उमराव जान’, ‘मेना गुर्जरी’, ‘ऑथेल्लो’तली डेस्डेमोना अशा त्यांच्या भूमिका. १९७८ मध्ये, ऐन चौतिशीत, त्यांनी जयवंत दळवींचं ‘संध्याछाया’ हिंदीत बसवलं. नाटककार मराठी, दिग्दर्शिका मराठी, प्रयोग मात्र हिंदी. आपल्या नाट्येतिहासात याची नोंद कुठे करायची?

दूर गेलेल्या मुलांकडे डोळे लावून बसलेलं ते वृद्ध जोडपं पाहिलं की मृणाल सेन यांचा ‘एक दिन अचानक’ आठवतो. तिथे प्राध्यापक पती (डॉ. लागू) पावसात घराबाहेर पडतो तो परततच नाही. मागे राहिलेल्या पत्नीच्या भूमिकेसाठी बावकरांना सहायक अभिनेत्रीचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. मला तर चित्रपटाचा सगळा भार त्याच पेलतात असं वाटतं.

पण माझ्या मते खरी कसोटी सुमित्रा भावे–सुनील सुकथनकर यांच्या ‘दोघी’त (१९९५) आहे. थोरल्या गौरीच्या लग्नाच्या दिवशीच अपघात होतो, नवरदेव जातो, वडील अंथरुणाला खिळतात. आई गौरीला मामाबरोबर मुंबईला धाडते. तिथून येणाऱ्या पैशावर घर उभं राहतं; धाकटीच्या लग्नात मात्र तीच गौरी नकोशी होते. ही आई खलनायिका करणं सोपं होतं, बिचारी करणं त्याहून सोपं. बावकर दोन्ही टाळतात. तिच्या कठोरपणात करुणेच्या आधी भीती दिसते. गोविंद निहलानींच्या ‘रुक्मावती की हवेली’त (१९९१) त्यांनीच रंगवलेली मालकीण मुलींना वाड्यात कोंडते. तिच्याकडे निदान वाडा आहे. ‘दोघी’तल्या आईकडे काहीच नाही, अब्रूचा पहारा मात्र तोच.

पुढे ‘वास्तुपुरुष’मधली (२००२) सरस्वतीही हुकूमच सोडते : मुलानं डॉक्टर व्हायचं आणि घराण्यानं गावाचं जे देणं ठेवलं ते फेडायचं. इथे पहिल्यांदाच आईच्या सत्तेचा रोख मुलीला उंबऱ्याआड ठेवण्याकडे नसून घराण्याच्या पापाकडे आहे.