सातबाऱ्यावरचं भूत

पावसात घाट उतरणारी गाडी, वर भिरभिरणारा ड्रोन. टपरीवर चहा देणारा म्हातारा, त्याच्या एका डोळ्यात फूल पडलेलं. "त्या घराकडं जाऊ नका," एवढंच तो सांगतो. गाडीत नवरा, बायको आणि एक मूल. मोबाइलची रेंज गेलेली. मग चौसोपी घर, कुलूपबंद खोली आणि फक्त मुलालाच दिसणारी कोणीतरी. गावी परतणाऱ्या माणसाची भयकथा आपल्याकडे गेली आठ-दहा वर्षं जोरात आहे आणि तिचे ट्रेलर मला आता पाठ झालेत. (मुंबई-गोवा महामार्गाने खरोखर गावी गेलेल्या माणसाच्या अंगात घर गाठेपर्यंत घाबरायचं त्राण उरत नाही, हे या मंडळींना कुणी सांगत का नाही?)

तोचतोचपणाबद्दल माझी तक्रार नाही. भयकथेला पुनरावृत्ती मानवते. परत येणं हा भुताचा धर्मच. चीड येते ती गाडीतल्या कुटुंबाची. हे कुटुंब दरवेळी निष्पाप असतं. पूर्वजांनी काहीबाही करून ठेवलं, ते यांच्या वाट्याला आलं, बिचारे अडकले. घर मात्र यांचंच. आजोबांचं पाप नको, आजोबांची ओसरी हवी, असा हा सोयीचा वारसा आहे आणि आपल्या बहुतेक लेखक-दिग्दर्शकांना त्यात काही खटकत नाही.

वास्तविक या प्रकाराची मोहिनी नेमकी उलट्या जागी आहे. गाव सोडलेल्याच्या मनात एक बोच असते. आपण कुणाच्या तरी जिवावर सुटलो. म्हातारे आईबाप, मागे राहिलेला भाऊ, गळकी पडवी, वर्षातून एकदा गणपतीला उघडणारं दार. परतल्यावर समोर येणारं भूत त्या बोचणीचा हिशोब मागतं. हिशोब खरा असेल तर भीती खरी. नाहीतर दार करकरलं काय आणि पंखा बंद पडला काय, सगळं सारखंच.

स्टीफन किंगला हे पक्कं ठाऊक होतं. १९८६च्या ‘इट’मधली सात मुलं मोठी होतात, सहा जणं डेरी हे गाव सोडून जातात, पैसा-नाव कमावतात आणि बालपणीचं सगळं विसरतात. मागे राहतो एकटा माइक हॅनलन, गावच्या ग्रंथालयात नोकरी करणारा. त्याला सगळं आठवतं आणि सगळ्यांना फोन करून बोलावण्याची पाळीही त्याच्यावरच येते. हा माइक आपल्या प्रत्येक एकत्र कुटुंबात आहे. गणपतीआधी घर झाडून ठेवतो तो. किंगच्या १९७५च्या ‘सालेम्स लॉट’मधला लेखक लहानपणीच्या गावी परततो, त्या कादंबरीवरून नारायण धारपांनी ‘लुचाई’ बेतली. धारपांचे भक्त रागावतील, पण बोलून टाकतो: किंगचं गाव पिशाच्च येण्याआधीच आतून कुजलेलं आहे आणि त्या कुजण्याची माणसागणिक नोंद तो करतो. धारपांनी भीती आणली, वेग आणला, पण गाव तिकडेच राहिलं. त्यांच्या कितीतरी कथांत संकट टोकाला गेलं की कुणी ‘समर्थ’ माणूस उभा राहतो आणि हिशोब वरच्या वर मिटवतो. रत्नाकर मतकरींची भीती बहुतांशी शहरातल्या माणसाच्या डोक्यात राहते. तिचा हा प्रांत नव्हे.

मराठी मातीतलं या प्रकारातलं सर्वांत मोठं काम हिंदीत झालं, हे कबूल करायला मला जड जातं. राही अनिल बर्वे यांचा ‘तुंबाड’ (२०१८). पहिल्या खेपेस चित्रपटगृहांत तो जेमतेम चालला. सप्टेंबर २०२४मध्ये पुन्हा लागला तेव्हा पहिल्या वेळेपेक्षा जास्त कमाई करून गेला. मधल्या सहा वर्षांत प्रेक्षकांना त्यात काहीतरी सापडलं होतं. लोक पावसाबद्दल बोलतात, हस्तर या राक्षसाबद्दल बोलतात, पंकज कुमारच्या छायाचित्रणाबद्दल तर फारच बोलतात. माझ्या लेखी चित्रपटाचा कणा वेगळाच आहे. विनायक हा वाड्याच्या सरकाराचा अनौरस मुलगा. त्याची आई सरकारच्या सेवेत आयुष्य काढते, एका मोहरेच्या आशेवर. कागदोपत्री या मुलाचा वाड्याशी काडीचा संबंध नाही. तुंबाड सोडताना आई त्याच्याकडून वचन घेते की पुन्हा इथे यायचं नाही. तो पंधरा वर्षांनी येतोच, आणि मग येतच राहतो. पुण्याहून तुंबाडला, तुंबाडहून पुण्याला. हा माणूस चाकरमान्यासारखाच ये-जा करतो, फक्त याची मिळकत गावाकडून शहराकडे वाहते. कणकेच्या बाहुल्या टाकून भुकेल्या हस्तरला गुंतवायचं आणि तेवढ्यात त्याच्या लंगोटातल्या मोहरा काढायच्या, असा तो धंदा.

इथे निष्पाप कोण? कोणीच नाही. परतणारा चोर आहे आणि ज्याला आपण राक्षस म्हणतो तो हजारो वर्षं उपाशी ठेवलेला आहे. शिवाय ही चोरी विनायक पोराला शिकवतो, जशी घराण्यातली विद्या शिकवावी. ‘तुंबाड’ हे नाव श्री. ना. पेंडशांच्या ‘तुंबाडचे खोत’वरून घेतलं आहे. त्या १९८७च्या कादंबरीत पिढ्यान्‌पिढ्यांची खोती आहे आणि ती भयकथा नाही. तरी दोन्हींच्या तळाशी एकच प्रश्न आहे: हे कुणाचं, आणि ते तुमच्याकडे कसं आलं? स्वातंत्र्यानंतर वाडा सरकारजमा होणार ही बातमी चित्रपटात येते, तेव्हा विनायकाचा जो चेहरा होतो, तसा चेहरा कोकणात कूळकायद्याच्या वेळी किती घरांतून झाला असेल.

‘रात्रीस खेळ चाले’चा पहिला भाग (२०१६) मला याच कारणासाठी महत्त्वाचा वाटतो. मालिका म्हटलं की आपण नाक मुरडतो. पण अण्णा नाईक गेल्यावर मुंबईहून बायको-मुलासह येणारा माधव आणि गावात राहून कुढणारा दत्ता, या दोन भावांमधल्या अबोल्यात जितकं भय होतं तितकं विहिरीत नव्हतं. माधवची बायको निलिमा प्रत्येक गोष्टीला शास्त्र विचारते. दत्ताच्या बायकोला, सरिताला, मात्र आपल्याला काय मिळणार याची काळजी. मालवणीत चाललेली ती भांडणं ऐकताना कितीतरी घरांत टीव्हीचा आवाज कमी केला गेला असेल. पुढे २०१९च्या दुसऱ्या भागात अण्णा जिवंतपणी आले आणि शेवंताही आली. लोकप्रियता वाढली आणि वाटणीचा प्रश्न रंगेल जमीनदाराच्या किश्श्यांत बुडाला. माधव अभ्यंकरांनी अण्णा झकास केले, यात वाद नाही. भुताचं मात्र कॅलेंडर झालं.

बाकीच्यांचं काय? ‘मुंज्या’त (२०२४) पिंपळ आहे, पैसा आहे आणि गाव सहलीपुरतं आहे. ‘अल्याड पल्याड’च्या हाती आचऱ्यासारख्या गावांतली गावपळण होती. देवाचा कौल झाला की माणसं गुराढोरांसकट तीन दिवस गाव सोडून वेशीबाहेर राहतात. सगळं गाव निघून जातं आणि सगळं गाव परततं. एवढी तयार गोष्ट हातात असताना बाहेरची पोरं रिकाम्या गावात शिरवण्यापलीकडे काही सुचू नये? ‘दशावतार’ने (२०२५) निदान जमीन मध्यभागी ठेवली आणि राखणदाराला कुणाच्या विरोधात उभं राहायचं हे ओळखलं.

या सगळ्यावर ठरलेलं उत्तर येतं: करमणूक आहे हो, सातबारा कुठे काढता? काढतो, कारण भूत तिथेच राहतं. मूळपुरुष, राखणदार, देवचार: आपल्या लोकसमजुतीत ही मंडळी बांधाशी, विहिरीशी, झाडाशी बांधलेली आहेत. त्यांना नारळ द्यायचा, वर्षाला कोंबडा द्यायचा, कारण ती सहहिस्सेदार आहेत. हिस्सा चुकला की त्रास सुरू. हे ज्यांना ठाऊक नाही ते भुताला थेट परदेशी चित्रपटातले डोळे लावतात. आणि आज गावी परतणारा माणूस येतो कशाला? बहुतेकदा जमीन विकायला. राजापुरात नाणार-बारसूच्या तेलशुद्धीकरण प्रकल्पाच्या निमित्ताने जमिनीच्या व्यवहारांची चर्चा किती वर्षं चालली! वारस नोंद, सामाईक खातं, मुंबईतल्या अठरा चुलत भावांच्या सह्या. एवढी भुतं एका फेरफारात सापडतात आणि आपला लेखक माळ्यावरची ट्रंक उघडत बसतो.

हृषीकेश गुप्ते यांच्या ‘जारण’मुळे (२०२५) मी पुन्हा या विषयाकडे वळलो. अमृता सुभाषची राधा मुलीला घेऊन जुन्या घरी येते, लहानपणची बाहुली हाती लागते आणि करणी करणाऱ्या गंगुटीची सावली पुन्हा पडते. करणी आहे की मन आजारी आहे, हा पेच चित्रपट शेवटपर्यंत ताणतो. ताण उत्तम आहे, अमृता सुभाष आणि अनिता दाते दोघीही धडकी भरवतात. पण माझं लक्ष दुसरीकडेच गेलं. इथे परतणारी बाई आहे. पुरुष परततो तो मालक म्हणून, बाई परतते ती माहेरवाशीण म्हणून. तिला त्या घरात चार दिवस आहेत, खोली नाही. विशाल फुरिया यांच्या ‘लपाछपी’त (२०१७) उसाच्या फडात खेळणारी पोरं आणि जन्मताच मारलेल्या मुलींचा प्रश्न होता, तिथे मुलीला घरात जन्मायचाच हक्क नव्हता. हा धागा पुढे न्यायला दोन्ही चित्रपटांनंतर कुणी पुढे आलेलं नाही.

म्हणून लेखकांना एक विनंती. बंद खोली, बाहुली, विहीर काही दिवस बाजूला ठेवा आणि हक्कसोडपत्रावर लिहा. भाऊ गोड बोलून बहिणीला तालुक्याला नेतो, तिची सही घेतो, चोळी-बांगडी देऊन एसटीत बसवतो. ती बहीण मेल्यावर त्या घरी परतली तर काय मागेल? तिचा हिशोब खरा आहे, आणि गाडीतलं कुटुंब या खेपेस निष्पाप नाही. महाराष्ट्राने वडिलोपार्जित मिळकतीत मुलींना मुलाच्या बरोबरीने हक्क दिला १९९४ साली, देशाने २००५ साली. दुय्यम निबंधकाच्या कार्यालयात बहिणींच्या सह्या आजही होतात.