कापलेला शेवट

गल्लीत मुले क्रिकेट खेळत आहेत. मोटारसायकलवरून दोघे येतात, एका लहानग्याला उचलतात आणि पसार होतात. 2018 साली भारतभर मोबाईलवर फिरलेली ही चित्रफीत वस्तुतः कराचीच्या ‘रोशनी हेल्पलाईन’ या संस्थेची जाहिरात होती. पालकांनी सावध राहावे म्हणून काढलेली. मूळ चित्रफितीत ते दोघे परत येतात, मुलाला सुखरूप उतरवतात आणि फलक दाखवतात. आपल्याकडे ती पोचली तेव्हा हा शेवट कुणीतरी कापलेला होता.

जाहिरात प्रभावी आहे, आणि तिचा दोष त्या प्रभावातच आहे. पहाऱ्याच्या कॅमेऱ्याने सहज टिपावे तसे चित्रण. म्हणजे नाटकाने पुराव्याचा वेष घेतला. त्यात भीती आधी आणि हेतू सर्वांत शेवटी. भीतीने एकदा मनाचा ताबा घेतला की फलकाचे केवळ शेपूट उरते. कर्त्यांच्या सद्हेतूविषयी मला शंका नाही; परंतु ज्या प्रचारातून सत्य वगळले तरी परिणाम उणावत नाही, उलट वाढतो, त्याची रचनाच सदोष म्हटली पाहिजे.

तथापि कात्रीपेक्षा मोठे काम केले ते पाठवणाऱ्यांनी. वर्तमानपत्रातली बातमी परका माणूस लिहितो; ही चित्रफीत मावशीकडून, मेहुण्याकडून येते. माणसावरचा विश्वास आपण नकळत मजकुरावर चढवतो. पुढे पाठवताना आपण खोटे बोलतो आहोत असे कुणालाच वाटत नाही. आपण काळजी वाहतो आहोत असे वाटते. (निंदेलाही पूर्वी हाच मुलामा असे.) त्यामुळे सद्सद्विवेकाला टोचणी लागण्याचा प्रश्नच उद्भवत नाही.

त्याच वर्षी जूनमध्ये आपल्या वैजापूर तालुक्यातील चांडगावात चोर समजून जमावाने केलेल्या मारहाणीत माणसे दगावली. 1 जुलैला धुळे जिल्ह्यातील राईनपाड्यात, मुले पळवणारी टोळी समजून, नाथपंथी डवरी गोसावी समाजाच्या पाच जणांना ग्रामपंचायतीच्या कार्यालयात कोंडून ठार मारण्यात आले. पोटासाठी भिक्षा मागत ते गावोगाव फिरत होते. अनोळखी चेहरा आणि दारोदार फिरणे, एवढ्यावरून त्यांचा न्याय झाला.

त्यानंतर जुलैमध्ये व्हॉट्सॲपने भारतातील वर्तमानपत्रांत जाहिराती दिल्या आणि एक संदेश एका वेळी पाचच ठिकाणी पाठवता येईल अशी मर्यादा घातली. एक ठिकाण म्हणजे एक गटही होऊ शकतो, आणि तेव्हा एका गटात 256 माणसे मावत होती.